ओवीतली सीता आणि रंगमंचावरची सीता

(वाचनालयाच्या शताब्दी व्याख्यानमालेत रायापूर येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



'कला, माध्यमे आणि स्त्री-पुरुष समता' या विषयावर मी बोलावे, अशी सूचना आपल्या चिटणीसांनी केली, तेव्हा विषयाच्या व्याप्तीने मी जरा बिचकलो. एवढ्या मोठ्या विषयावर तासाभराचे व्याख्यान म्हणजे बहुधा आकडे, घोषणा आणि सद्भावना यांचे मिश्रण होऊन बसते. म्हणून चिटणीसांच्या संमतीने मी विषय थोडा आवळून घेतला आहे. एका संशोधिकेने आयुष्यभर जे काम केले, त्याचा धागा धरून मी बोलणार आहे. ही संशोधिका म्हणजे सांगलीच्या डॉ. तारा भवाळकर.

हे नाव आपल्यापैकी अनेकांच्या कानावर फेब्रुवारी २०२५ मध्ये आले असेल. दिल्लीला भरलेल्या ९८ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाच्या त्या अध्यक्ष होत्या. मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाल्यानंतरचे ते पहिलेच संमेलन, त्यामुळे वृत्तपत्रांत आणि दूरचित्रवाणीवर त्याची चर्चाही पुष्कळ झाली. त्या चर्चेत व्यासपीठावर कोण कोणाशेजारी बसले, याला जेवढी जागा मिळाली, तेवढी अध्यक्षांच्या ग्रंथांना मिळाली नाही. असो. येथे एक हिशेब मात्र सांगून ठेवतो. १८७८ साली न्यायमूर्ती रानड्यांच्या अध्यक्षतेखाली पुण्याला ग्रंथकारांची पहिली सभा भरली. त्या गादीवर पहिली स्त्री बसली ती १९६१ साली, कुसुमावती देशपांडे. म्हणजे त्र्याऐंशी वर्षांनी. त्यानंतर १९७५ मध्ये दुर्गा भागवत, १९९६ मध्ये शांता शेळके, २००१ मध्ये विजया राजाध्यक्ष, २०१९ मध्ये अरुणा ढेरे आणि मग भवाळकर. अठ्ठ्याण्णव संमेलनांत सहा. यांतली तीन संमेलने, म्हणजे ग्वाल्हेर, इंदूर आणि दिल्ली, महाराष्ट्राबाहेर झाली, याचा आपल्यासारख्या बृहन्महाराष्ट्रातल्या लोकांनी थोडा अभिमान बाळगायला हरकत नाही!

ताराबाईंचा जन्म १ एप्रिल १९३९ चा. सांगलीच्या महिला महाविद्यालयात त्यांनी दीर्घकाळ मराठीचे अध्यापन केले. मी स्वतः याच पेशातला असल्यामुळे मला याचे महत्त्व वाटते. विद्यापीठाचे अध्यासन नाही, संशोधनसंस्थेचा आधार नाही, समोर सांगली-मिरजेच्या आणि आसपासच्या खेड्यांतून आलेल्या मुली. त्या मुलींच्या आया आणि आज्या हेच पुढे त्यांच्या अभ्यासाचे क्षेत्र ठरावे, यात मला एक संगती दिसते. 'लोकपरंपरा आणि स्त्रीप्रतिमा', 'स्त्रीमुक्तीचा आत्मस्वर', 'लोकसंचित', 'लोकनागर रंगभूमी', 'मायवाटेचा मागोवा', 'मिथक आणि नाटक' आणि अलीकडचे 'सीतायन' ही त्यांच्या काही ग्रंथांची नावेच पाहा. एका बाजूला नाटक, दुसऱ्या बाजूला जात्यावरची ओवी, आणि दोहोंच्या मध्ये स्त्री. या त्रिकोणातून त्यांचे लेखन सहसा बाहेर जात नाही. आणि जात नाही म्हणूनच ते खोल गेले आहे.

त्यांचा पीएच.डी.चा प्रबंध मराठी पौराणिक नाटकाची प्रारंभापासून १९२० पर्यंतची जडणघडण हा होता. आता पौराणिक नाटक म्हटले की आपल्या या भागाचा संबंध येतोच. उत्तर कन्नड जिल्ह्यातल्या कर्की गावची भागवत मंडळी सांगलीला गेली, त्यांचा खेळ तिथले अधिपती चिंतामणराव पटवर्धन यांनी पाहिला, आणि असे काही मराठीत करावे म्हणून त्यांनी आपल्या पदरच्या विष्णुदास भाव्यांना आज्ञा केली. ५ नोव्हेंबर १८४३ रोजी 'सीतास्वयंवर' रंगभूमीवर आले. मराठी रंगभूमीची जन्मकथा म्हणून ही गोष्ट आपण नेहमी सांगतो आणि कर्नाटकाचे ऋण मान्य करून पुढे जातो. पण या कथेत एक साधा प्रश्न सहसा विचारला जात नाही. ज्या पहिल्या नाटकाच्या नावातच सीता आहे, त्यात सीता कुठे होती? सूत्रधार पदे म्हणत होता, राम आणि रावण धनुष्यापाशी येत होते, राक्षस आरडाओरडा करीत होते, आणि सीतेच्या जागी लुगडे नेसवलेला एक मुलगा उभा होता. प्रसंगही कोणता निवडला, तर स्वयंवराचा. नाव 'स्वयंवर', म्हणजे स्वतः वर निवडणे. पण धनुष्याचा पण लावलेला, तेव्हा निवडण्याचा प्रश्नच नाही. जो धनुष्य उचलील त्याची ती.

स्त्रीभूमिका पुरुषांनी करणे ही त्या काळाची सोय होती, हे मला मान्य आहे. कुलीन स्त्री रंगमंचावर येणे अशक्य होते, आणि भाऊराव कोल्हटकर किंवा बालगंधर्व यांची कला ही केवळ सोय नव्हती, ती थोर कला होती. १९०५ साली मिरजेला 'शाकुंतल'मध्ये उभे राहिलेल्या नारायणराव राजहंसांनी पुढे तीसएक वर्षे मराठी प्रेक्षकाच्या मनातली स्त्री घडवली. घराघरांतल्या स्त्रिया त्यांच्यासारखे लुगडे नेसू लागल्या, त्यांच्यासारखा गजरा माळू लागल्या. क्षणभर थांबून या गोष्टीचा विचार करावा. स्त्रीने कसे दिसावे, कसे लाजावे, कसे रुसावे याचा आदर्श एका पुरुषाने घालून दिला, आणि खऱ्या स्त्रिया त्याचे अनुकरण करू लागल्या. आजच्या भाषेत ज्याला माध्यमांचा प्रभाव म्हणतात, त्याचे याहून स्वच्छ उदाहरण मला माहीत नाही. जाहिरातवाले फार नंतर आले.

आणि याच गोष्टीची दुसरी बाजू आपल्या कर्नाटकातली आहे. विजापूरकडच्या बिळगी गावची गोहरबाई पुढे गंधर्व नाटक मंडळीत आली आणि बालगंधर्वांच्या बरोबर रंगभूमीवर उभी राहिली. 'किस्मत'ची गायिका अमीरबाई कर्नाटकी ही तिची सख्खी बहीण. गोहरबाईच्या गळ्यात गंधर्वगायकी उतरली होती, असे जाणकार सांगतात. पण मराठी रसिकांनी तिला काय दिले? बालगंधर्वांच्या उत्तरायुष्यातल्या विपन्नावस्थेचा सगळा दोष तिच्या माथी मारला. पुरुषाने केलेली स्त्री पूजनीय ठरली, आणि स्त्रीने केलेली स्त्री संशयास्पद! १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा'त ज्योत्स्ना भोळे यांच्यासारख्या स्त्रिया उभ्या राहिल्या आणि नवे पर्व सुरू झाले, असे नाट्येतिहास सांगतो. ते खरेच आहे. पण गोहरबाईसारख्या स्त्रियांना त्या इतिहासात जी जागा मिळते ती तळटिपेची, आणि तीही बहुधा कुजबुजीच्या सुरातली. नाटककार हिराबाई पेडणेकरांची कथा फारशी वेगळी नाही. १९०४ साली 'जयद्रथ विडंबन' आणि १९१२ साली 'संगीत दामिनी' लिहिणारी ही बाई आपल्याला आठवते ती बहुतेक वेळा वसंत कानेटकरांच्या 'कस्तुरीमृग'मुळे. स्वतःच्या नाटकांमुळे नव्हे.

आता दुसऱ्या सीतेकडे वळू. माझ्या मते ताराबाईंच्या कामाचा गाभा येथे आहे.

महाराष्ट्रातल्या आणि सीमाभागातल्या बायकांनी जात्यावर बसून सीतेवर ज्या ओव्या रचल्या, त्यांत स्वयंवराचा थाट थोडा आणि वनवास फार. वनवासही रामाबरोबरचा नव्हे; रामाने टाकल्यानंतरचा. त्या गाण्यांत एक कथा पुन्हा पुन्हा येते. लंकेहून परत आल्यावर कैकयी सीतेला म्हणते, रावण कसा होता ते भिंतीवर काढून दाखव. सीतेने मान वर करून रावणाकडे कधी पाहिलेलेच नाही. तिला दिसला असेल तर त्याच्या पायाचा अंगठा. ती तेवढाच काढते. ती गेल्यावर कैकयी उरलेले चित्र पुरे करते आणि रामाला बोलावून दाखवते. रामाचा निर्णय तिथे होतो.

वाल्मीकींच्या काव्यात हा प्रसंग नाही. पण बंगालमध्ये सोळाव्या शतकातल्या चंद्रावतीच्या रामायणात तो आहे. तिथे कैकयीची मुलगी सीतेकडून पंख्यावर रावण काढून घेते. दक्षिणेतल्या कथांत हेच काम वेष पालटून आलेली शूर्पणखा करते. एकमेकींची भाषा न जाणणाऱ्या, बहुतांशी निरक्षर बायकांना एवढ्या अंतरावर एकच गोष्ट का सुचावी किंवा का जपावीशी वाटावी? धोब्याच्या तोंडचा लोकापवाद त्यांना पुरेसा वाटला नसावा. बाईवरचा आळ कसा तयार होतो हे त्यांना घरातून ठाऊक होते. त्यात एक कण खरा असतो, तोही अंगठ्याएवढा, आणि बाकीचे चित्र दुसरे कोणी तरी पुरे करते. जो पाहतो तो हात कोणाचा हे विचारीत नाही. माझ्या वर्गात ही कथा सांगितली की मुली एकदम गप्प होतात. हल्ली छायाचित्रात फेरफार करून मुलींची बदनामी करण्याचे प्रकार वृत्तपत्रांत येतात. कैकयीच्या भिंतीवरचे चित्र त्यांना ताबडतोब कळते.

निरक्षर म्हणजे अडाणी नव्हे, हे भवाळकरांचे आवर्जून मांडलेले प्रतिपादन आहे. लोकसाहित्यातल्या स्त्रीला स्वतःच्या स्थितीची जाणीव होती आणि ती तिने आपल्या माध्यमातून मांडली. ते माध्यम कागदाचे नव्हते एवढेच. संत कवयित्रींकडेही त्या याच नजरेने पाहतात. मुक्ताबाई, जनाबाई, सोयराबाई, बहिणाबाई यांच्या रचनांत त्यांना भक्तीबरोबर स्वतःविषयी बोलणारी एक बाई ऐकू येते. एकोणिसाव्या शतकातल्या सुधारकांनी स्त्रीला वाचा दिली, हे आपले आवडते वाक्य. सुधारकांचे उपकार मोठेच आहेत. पण वाचा होतीच, ऐकणारा नव्हता. १८८२ साली बुलढाण्याच्या ताराबाई शिंद्यांनी 'स्त्रीपुरुषतुलना' लिहिली आणि त्यात नाटक-कादंबऱ्यांतून रंगवल्या जाणाऱ्या स्त्रियांचाही खरपूस समाचार घेतला. ते पुस्तक स. गं. मालशांनी १९७५ मध्ये पुन्हा उजेडात आणीपर्यंत मराठी वाचक त्याला जवळजवळ विसरून गेला होता.

येथे एक फरक मला करावासा वाटतो. 'मी' म्हणून बोलणारी बाई मराठी कवितेत लावणीतही आहे. ती नटते, रुसते, विरहाने व्याकूळ होते. पण रामजोशी, होनाजी, परशराम, सगनभाऊ हे सगळे पुरुष. शब्द पुरुषाचे, गळा बाईचा आणि कान पुन्हा पुरुषांचे. लावणीच्या कलागुणांविषयी मला नितांत आदर आहे; विठाबाई नारायणगावकरांसारख्या कलावतींनी त्या शब्दांत जे प्राण ओतले ते शाहिरांच्याही हिशेबात नसतील. पण लावणीतला 'मी' आणि ओवीतला 'मी' एकच आहे असे समजून स्त्रीप्रतिमेचा अभ्यास केला, तर घोटाळा होतो. ओवी ऐकायला पहाटेच्या अंधारात कोणी पुरुष बसलेला नसे. समोर दुसरी बाई असे, फार तर मांडीवर झोपलेले मूल.

भवाळकरांच्या सर्वच प्रतिपादनाशी मी सहमत आहे असे नाही. 'स्त्रीमुक्तीचा आत्मस्वर' या नावातल्या पहिल्या शब्दापाशी मी अडखळतो. ओवी गाणारी बाई सासुरवासाचे दुःख सांगते, रामाला बोल लावते, आणि मग पायलीभर दळण संपवून उठते. त्याच ओव्यांत मुलासाठी नवस आहेत, भावाचे अतोनात कौतुक आहे, सवतीला शिव्या आहेत, भावजयीचा मत्सर आहे. या बाईला मुक्ती हवी होती काय? मला वाटते, तिला न्याय हवा होता, आणि तोही बहुधा घरच्या घरी. 'आत्मस्वर' मात्र पुरेपूर खरा. ताराबाईंनी ओव्यांची ही दुसरी बाजू लपवलेली नाही. परंपरा स्त्रीला बांधतेही आणि बोलूही देते, हे दुहेरीपण त्यांच्या विवेचनात आहे. माझा आक्षेप आहे तो त्यांच्या मागून येणाऱ्या आणि सोयीच्या तेवढ्या ओव्या वेचणाऱ्या अभ्यासकांवर. वेचक ओव्यांनी विद्रोही सीता तयार करणे हाही एक प्रकारे अंगठ्यावरून चित्र पुरे करण्याचाच उद्योग आहे.

ओव्या गोळा करणारांची परंपरा आपल्याकडे मोठी आहे. साने गुरुजींनी 'स्त्रीजीवन' सिद्ध केले. सांगली जिल्ह्यातल्याच बागणीच्या सरोजिनी बाबर यांनी राज्य लोकसाहित्य समितीच्या कामात हयात घालवली. पुण्याच्या हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ यांनी गावोगाव फिरून लाखभर ओव्या जमवल्या, आणि मुख्य म्हणजे प्रत्येक ओवीपुढे गाणारीचे नाव आणि गाव लिहिले. हे शेवटचे मला फार महत्त्वाचे वाटते. आपल्या जुन्या संग्रहांत 'पारंपरिक' एवढाच शब्द असतो. पुरुषाची कविता त्याच्या नावावर, आणि बाईची परंपरेच्या नावावर.

नावाचा हा प्रश्न छापील साहित्यातही होताच. आपल्या कपाटांत 'किर्लोस्कर' आणि 'स्त्री' मासिकांचे जुने बांधीव अंक ज्यांनी चाळले असतील, त्यांना आठवेल. 'स्त्री' १९३० साली किर्लोस्करवाडीहून निघाले. १९३३ साली 'कळ्यांचे निःश्वास' आले ते 'विभावरी शिरूरकर' या टोपणनावाने, आणि ही बाई कोण याचीच चर्चा पुस्तकापेक्षा अधिक झाली. मालतीबाई बेडेकरांना स्वतःच्या नावाने ते लिहिता आले नाही. बहिणाबाई चौधरींची गाणी त्यांच्या मृत्यूनंतर, १९५२ साली छापून निघाली. सोपानदेवांनी ती अत्र्यांना दाखवली नसती तर ती घरातच विरून गेली असती. आणि आपल्या हुबळीच्या गंगूबाई हनगल? १९३० नंतरच्या सुमारास त्यांच्या सुरुवातीच्या ध्वनिमुद्रिका निघाल्या त्या 'गांधारी' या नावाने. जी. एन. जोशी यांच्याबरोबर त्यांनी गायलेली मराठी गाणी महाराष्ट्रभर वाजली. ज्या आवाजाने पुढे साऱ्या देशाला चकित केले, त्याला आरंभी कंपनीने दिलेल्या नावाने जगापुढे यावे लागले. गंगूबाईंनी मात्र ते नाव टाकून देऊन स्वतःचे नाव इतके मोठे केले, की आज 'गांधारी' सांगितले तर संग्राहकांखेरीज कोणाला कळणार नाही.

अध्यक्षमहाशय, माझा वेळ संपत आला आहे, तेव्हा वाचनालयापुढे एक मागणी ठेवून मी थांबणार आहे. कन्नडमध्ये हलसंगीच्या मित्रमंडळींनी १९३१ साली 'गरतिय हाडु' हा बायकांच्या गाण्यांचा संग्रह प्रसिद्ध केला. विजापूरकडच्या एका खेड्यातल्या तरुणांनी केलेले ते काम आजही प्रमाण मानले जाते. हुबळी-धारवाडच्या मराठी घरांत मात्र असा प्रयत्न झालेला मला दिसला नाही. आपल्या बायकांची गाणी मराठी खरी, पण त्यांत 'अक्का' आहे, 'तंगी' आहे, सौंदत्तीची यल्लम्मा आहे. एका कडव्यात विठोबा आणि पुढच्यात सिद्धारूढ स्वामी आहेत. पुण्या-मुंबईच्या संग्राहकाला हे मराठी वाटले नाही आणि कन्नड संग्राहकाला कन्नड वाटले नाही. माझ्या एका विद्यार्थिनीने घरी आजीला विचारले, तेव्हा सीतेची गाणी आजीला तीस-पस्तीस येत होती. पुढच्या पिढीला, म्हणजे तिच्या आईला, चार. तिला स्वतःला एकही नाही.

शताब्दीच्या निधीतून नवे कपाट घ्यावयाचे ठरले आहे, असे ऐकतो. त्यातला एक खण या कामासाठी ठेवावा. महिन्यातून एक दुपार वाचनालय फक्त वयस्क बायकांसाठी उघडे राहावे. त्यांनी येऊन गावे, आणि आमच्या विद्यार्थिनींनी ते ध्वनिमुद्रित करून लिहून घ्यावे. यंत्र महाग नाही. ते आता प्रत्येक मुलीच्या हातातच असते. शब्द जसा उच्चारला तसा लिहावा. त्यातले कन्नड शब्द काढून टाकून गाणे शुद्ध मराठी करण्याचा मोह आवरावा, आणि हे मी विशेषकरून आम्हा मराठीच्या प्राध्यापकांना उद्देशून म्हणतो. सवतीची शिवी असेल तर तीही लिहावी. त्यासाठी जी नोंदवही घालाल, तिच्यातला पहिला रकाना गाणारीच्या नावाचा असू द्या. ते नाव अमक्याची आई किंवा तमक्याची सून असे न लिहिता तिचे स्वतःचे लिहावे. माहेरचे गाव दुसऱ्या रकान्यात, सासरचे तिसऱ्यात, आणि गाणे कोणाकडून शिकली ते चौथ्यात. ही वही घालायची असेल तर येत्या श्रावणाच्या आत घालावी, कारण मंगळागौरीला आणि नागपंचमीला म्हाताऱ्या आपण होऊन गातात; एरवी त्यांना आर्जवे करावी लागतात.